रेड्याला हवा पलंग

केंद्रप्रमुख टेकाळे साहेब शाळेत शिरले, तेव्हा तिसरीचा वर्ग पोट धरून हसत होता. चारुशीलाबाईंच्या हातातल्या चित्रांच्या पुस्तकात एक रेडा मालकाला गळ घालत होता, "मला तुमच्या पलंगावर झोपू द्या, मी रोज दूध देईन!"

"हा काय तमाशा?" साहेब कडाडले.

"आपलं म्हणणं दुसऱ्याला कसं पटवायचं, ते शिकतोय साहेब," बाई चाचरत म्हणाल्या.

"पोरांनी ऐकायचं असतं, पटवायचं नसतं!" साहेबांनी पुस्तक काढून घेऊन आपल्या पिशवीत कोंबलं आणि भाषणच सुरू केलं. अशानं मुलं कशी उर्मट होतात, घरी कशी उलट बोलतात, आपण लहानपणी कसे मुकाट ऐकायचो... बाईंचा जीव त्या पिशवीत अडकला होता. शेवटी घाम पुसत साहेबांनी सवयीनं विचारलं, "पटलं का?"

एरवी यावर सगळा वर्ग 'होऽऽ' म्हणून ओरडतो. आज मात्र पुढच्या रांगेतली मैना उठली.

"नाही पटलं, साहेब," मैना अगदी मायेनं म्हणाली. "पण वाईट वाटून घेऊ नका. तुमच्या शाळेत हे पुस्तक नव्हतं ना!"

साहेबांनी बाईंकडे पाहिलं, मग पिशवीकडे. पुस्तक बाहेर आलं. "सरका जरा," म्हणत ते मुलांमध्ये सतरंजीवर बसले आणि मैनेला हळूच म्हणाले, "मग? मिळाला का रेड्याला पलंग?"