पहिला घोट

“...आणि खुन्याचं नाव तुमच्याच घराण्यातलं निघालं तर, बुवा?”

टिपणीसांनी विचारलं, आणि विचारताक्षणीच त्यांना वाटलं, चुकलो. पण कॅमेरा सुरू होता.

घाटमाथ्यावरची पिढीजात पाणपोई चालवणारे हेमगीरबुवा रांजणाला टेकून बसले होते. शेजारी एका अनामिक वाटसरूची समाधी.

“निघालं का?” बुवांनी विचारलं.

टिपणीसांनी पिशवीतून कागद काढला. तीस वर्षांत जुन्या खुनांवर त्यांनी बारा माहितीपट केले होते. बारा खुनी शोधले होते. नाव ऐकून ज्याच्या काळजात चर्र व्हावं, असं मात्र कुणी कधी समोर नव्हतं. या वेळी होतं. तो चेहरा त्यांना कॅमेऱ्यात हवा होता... आणि त्याचीच धास्तीही वाटत होती.

“सन अठराशे एकाहत्तर,” ते वाचू लागले. “याच पाणपोईत वाटसरूला पाण्यातून धोत्र्याचं बी दिलं. लुटलं. तो इथंच मेला. संशय पाणपोईवाल्यावर होता, पण पुरावा नव्हता, सुटला. पुढं स्वतः मरताना मात्र त्यानं कबूल केलं. नाव चेतगीर.”

“आजोबांचे आजोबा माझे.”

बुवांचा चेहरा हलला नाही.

“घसा कोरडा पडलाय तुमचा, साहेब. पाणी घ्या.”

बुवांनी लांब दांड्याचं ओगराळं रांजणात बुडवलं. आधी स्वतःच्या ओंजळीत घोटभर ओतलं. प्यायले. क्षणभर थांबले. मग ओगराळं पुढे केलं.

टिपणीसांचा हात अर्ध्यावरच राहिला.

चार दिवस हा घोट ते पाहत होते. दोनदा चिडून बोललेही होते, “पाहुण्याच्या आधी कुणी पितं का, बुवा? शॉट उगाच लांबतो.” बुवा नुसते हसले होते, आणि पुन्हा आधी प्यायले होते. ‘संकलनात कापणे,’ असं टिपणीसांनी वहीत लिहून ठेवलं होतं.

“तुम्हाला... ठाऊक होतं.”

“हं.”

“वडिलांनाही?”

“त्यांनीच शिकवलं. ओगराळं कसं धरायचं, आधी कुणी प्यायचं ते.”

“मग मला सांगितलं का नाहीत?”

“चार दिवस सांगतोय की.”

टिपणीस उठले. कॅमेरा बंद केला. आपण इतकी वर्षं नक्की काय पाहत होतो, हे त्यांना कळेना. ते बुवांसमोर खाली बसले आणि ओंजळ पुढे केली.

पाणी गार होतं.

“बुवा...” ते म्हणाले. “दीडशे वर्षं झाली. तुमचा काय दोष? आता तरी हे आधी पिणं सोडा.”

बुवांनी रांजणात वाकून पाहिलं.

“दीडशे वर्षं खुनाला झाली. पाणी आज सकाळी भरलंय, साहेब.”