सरपंचांचं ‘बघू’

खोटं वाटेल, पण आमचे सरपंच तात्यासाहेब ढमढेरे स्वतःच्या बारशालासुद्धा ‘येतो’ म्हणाले नसतील. शेवंताकाकूच्या मुलीचं लग्न निघालं. आचारी रोज पानांचा आकडा मागायचा, म्हणून काकू तीनदा तात्यांच्या दारी गेली. तिन्ही वेळा मिशीवर हात फिरवत त्यांनी एकच उत्तर दिलं, “बघू!” काकू आतून पेटली.

लग्नात पंगत बसली, जिलबी फिरू लागली, आणि चाळीस माणसं घेऊन स्वारी हजर! काकूने चाळीस खुर्च्या पंगतीच्या दिशेने तोंड येईल अशा मांडायला लावल्या.

“आमची पानं कुठायत?” तात्या गरजले.

“पानं ‘येतो’ म्हणणाऱ्यांची!” काकू कडाडली. “तुम्ही तीनदा ‘बघू’ म्हणालात ना? मग बसा आणि बघा!”