डावी एकाची, उजवी दुसऱ्याची

एकदा एका पेठेत बायकांच्या चपला विकणारा एक दुकानदार होता, आणि त्याला बायकांच्या चपलांतलं काही कळत नव्हतं. यात नवल नाही. चपला शिवणारे पुरुष, माल आणणारे पुरुष, गल्ल्यावर बसणारेही पुरुषच. घालणारी तेवढी बाई. तिला कोणी विचारत नाही, आणि चप्पल चावली तर ती बिचारी आपल्याच पायाला नावं ठेवते.

दुकानदाराचं नाव हणमंत. वडील वारले आणि दुकान त्याच्याकडं आलं. माणूस वाईट नव्हता. गिऱ्हाइकाशी अदबीनं बोलायचा, सकाळी उठून स्वतः दुकान झाडायचा. पण माल पारखायची त्याची रीत एकच. चप्पल हातात घ्यायची, मुडपून बघायची, पट्ट्याला दोन हातांनी हिसका द्यायचा. टिकला पट्टा की माल पक्का. वडीलही हेच करायचे. वडिलांचं निभावलं, कारण त्यांच्या काळी पेठेत दुसरं दुकान नव्हतं.

गेल्या साली हणमंतानं मोठा देखणा माल आणला. हिसक्याला टिकला, रस्त्याला टिकला नाही. दोन महिन्यांत सोल उकलले. आता त्या पेठेतल्या बायकांची एक जुनी रीत होती. तुटक्या चपलेसाठी भांडायला कोणी जात नसे. चप्पल दुकानाच्या पायरीवर ठेवायची आणि अनवाणी पुढं निघून जायचं. शिवी दिली तर उलटून शिवी देता येते. पायरीवरच्या चपलेला माणूस काय उत्तर देणार? रोज सकाळी हणमंत पायरीवरच्या चपला उचलायचा आणि कोणी बघतंय का म्हणून इकडंतिकडं बघायचा. सगळी पेठ बघत असायची.

भाजी विकणारी चांगुणा मात्र पायरीवर थांबली नाही. मंडईच्या उतारावर चप्पल उकलून ती पाटीसकट पडली होती. मनगट मोडलं होतं. गळ्यात अडकवलेला हात घेऊन ती सरळ दुकानात शिरली आणि म्हणाली, "हणमंता, तुझ्या बापानं मला कधी पाडलं न्हवतं." एवढंच बोलून गेली.

ते वाक्य हणमंताच्या जेवणात खड्यासारखं येऊ लागलं. यंदाचा माल फसला तर दुकानाला कुलूप लागणार हे त्याला कळत होतं. पण कुलपापेक्षा त्याला त्या उताराची भीती जास्त वाटत होती.

दसऱ्याच्या आधी माल सांगायचा होता. दोन ठिकाणचे नमुने त्याच्यासमोर होते. एक शहरातल्या कारखान्याचा. जाड सोल, चकचकीत बक्कल, पट्टा असा की दोन गड्यांनी ओढला तरी जागचा हलायचा नाही. दुसरा जवळच्या गावात पत्र्याच्या शेडखाली काम करणाऱ्या दोन भावांचा. दिसायला साधा, आतून मऊ, पट्टा रुंद. हणमंतानं हिसका दिला तेव्हा पट्ट्याच्या मुळाशी बारीकसा कुरकुर आवाज आला. त्याच्या मते निकाल तिथंच लागला होता. तरी मन धजेना, म्हणून तो दोन्ही चपला घेऊन गेनूआबाकडं गेला.

गेनूआबानं एस.टी. स्टँडसमोर चाळीस वर्षं चपला शिवल्या होत्या. आता डोळ्यांपुढं धुकं आलं होतं, म्हणून अंगणात बाजेवर बसून असायचा. डोळे गेले तरी जीभ शाबूत होती.

"आबा, यातली कुठली घेऊ?"

"सँपल हाय का?"

"हो."

"मग कशाला आणलीस? शोकेसात ठेव, जा." म्हाताऱ्यानं हातसुद्धा लावला नाही. "सँपल म्हंजे बघायच्या कार्यक्रमाला आलेला नवरदेव. दाढी करून, तेल लावून बसलेला. संसार तसा करतो व्हय कुणी? दोघांच्या चालू मालातनं, कशापायी ते न सांगता, दहा-दहा जोड उचल. एकाचे जे नंबर, तेच दुसऱ्याचे. मग ये."

हणमंत आठवड्यानं वीस जोड घेऊन आला. आबानं पोतं बाजेवर ओतायला लावलं आणि मग जे केलं ते बघून हणमंताला वाटलं, डोळ्यांपाठोपाठ म्हाताऱ्याची अक्कलही चालली. त्यानं बोटांनी चाचपून एकूणएक जोड फोडला. कारखान्याची डावी घेतली, तिला भावांची उजवी बांधली. पाच जोड असे. मग पाच जोड उलटे, भावांची डावी आणि कारखान्याची उजवी. उरलेल्या चपला पुन्हा पोत्यात भरल्या.

"आबा, जोड्या चुकताहेत."

"चुकत न्हाईत. दहा बायका बघ. गादीवर बसणाऱ्या नकोत, दिवसभर पायावर असणाऱ्या. एकेकीला एकेक जोड फुकट दे. अट एकच. तीन आठवडे पायात दुसरं काही घालायचं न्हाई."

"असलं ध्यान घालून कोण हिंडेल?"

"तुझ्या चपलेनं भर बाजारात पडून झालंय त्यांचं. आता कसली लाज?"

हणमंत पहिल्यांदा चांगुणाकडंच गेला. दुसरीकडं जायला तोंड नव्हतं. तिनं चपला खाली ठेवल्या, एकदा डावीकडं बघितलं, एकदा उजवीकडं, आणि शेजारणीला हाक मारली. "अगं हे बघ, हणमंता काय घेऊन आलाय! मागच्या साली एका घरच्या देऊन हात मोडलास. औंदा दोन घरच्या आणल्यास, आता पाय मोडणार व्हय रे?"

"मावशी, गेनूआबानं सांगितलंय."

"त्या म्हाताऱ्याला दिसत न्हाई, तुला बी दिसत न्हाई का?" ती म्हणाली. पण पाय पुढं केला. "फुकट हाय म्हणून न्हाई घालत. तुझ्या बापाकडं बघून घालते."

एकीनं घातली की बाकीच्या घालतात. मंडईतल्या आणखी चौघी तयार झाल्या. दवाखान्यातल्या सिस्टर, बालवाडीच्या बाई, घरोघर स्वयंपाक करणाऱ्या तिघी, अशा दहा भरल्या. पेठेला चघळायला विषय मिळाला. सिस्टर रस्त्यानं निघाल्या की पानवाला म्हणायचा, "आज घाईत कुणाची घालून आलात?" बालवाडीच्या बाईंना तेवढाच दिलासा, की देवळाबाहेर काढली तरी ही चप्पल चोर नेणार नाही.

हणमंत दर तिसऱ्या दिवशी फेरी मारायचा. दहा जणींना एकच प्रश्न विचारायचा, "तुटली का?" नाही म्हणाली की पुढच्या दारी. दुसरा आठवडा संपता संपता एका स्वयंपाकीणबाईंच्या चपलेचा पट्टा निघाला. मग सिस्टरांच्या, मग मंडईतल्या एकीच्या. तीन आठवडे भरले त्या दिवशी चांगुणाच्याही. ती पडली नाही, नशीब. चारही चपला भावांच्या निघाल्या. कारखान्याची एकसुद्धा नाही.

हणमंतानं सगळ्या चपला गोळा केल्या आणि जवळजवळ पळतच आबाचं अंगण गाठलं. चांगुणाही मागून आली, म्हाताऱ्याला चार शब्द ऐकवायचे म्हणून.

"आबा, निकाल लागला! कारखान्याच्या दहाच्या दहा शाबूत, आत्ता दुकानातून काढल्यासारख्या. भावांच्या चार मोडल्या. आजच कारखान्याला कळवतो."

"आण हिकडं."

म्हाताऱ्यानं एकेक चप्पल मांडीवर घेतली. आत हात घातला, अंगठ्यानं चाचपलं, उलटी करून सोलावरून बोट फिरवलं. वीसही झाल्यावर म्हणाला, "कारखान्याचं नाव काढू नकोस. भावांकडं जा."

हणमंत जरा चिडूनच म्हणाला, "मोडलेली घेऊ आणि शाबूत सोडून देऊ?"

"हात घाल आत. दोन्हीत घाल."

चपलांच्या दुकानात जन्म गेला, पण बाईनं वापरलेल्या चपलेत हणमंतानं कधी हात घातला नव्हता. त्यानं आधी भावांची घेतली. आत पाच बोटांचे पाच खळगे होते, टाचेशी वाटीएवढी खोल जागा. हात आपोआप तिच्यात बसला. मग कारखान्याची घेतली. आत सगळं सपाट. नवीन होती तेव्हा जशी, तशीच. फक्त करंगळीच्या कडेला एक काळपट डाग होता, वाळून कडक झालेला.

"हे काय आहे?"

"रगत," चांगुणा म्हणाली आणि पाय पुढं करून तिनं करंगळी दाखवली. साल निघून लाल झाली होती. "ती दगडाची चप्पल तुझी. पाटीपाशी बसले की काढूनच ठेवते. चालताना पाऊल तिरकं टाकायचं, नुसत्या कडेवर. हिकडच्या पायानं चालायचं, तिकडचा वढत न्यायचा. सिस्टरांचं बी तेच झालंय, विचार जा."

"मावशी, मग मला सांगितलं का नाही? मी तर दर तिसऱ्या दिवशी येत होतो."

"तू काय विचारत होतास? तुटली का. न्हवती तुटली. न्हाई म्हणत होते. चावते का म्हणून तोंडातनं एक अक्षर तरी काढलंस?"

आबानं तंबाखूची चिमूट तोंडात टाकली आणि सावकाश बोलू लागला.

"ऐक आता. एक चप्पल चावायला लागली की बाई त्या पायावर भार देत न्हाई. पण भार काय हवेत जातो? दुसऱ्या पायावर जातो. कारखान्याची चावत व्हती म्हणून तिच्यावर वजनच पडलं न्हाई. ते सगळं या मऊ बापडीवर पडलं. तीन आठवडे हिनं आपलं वाहिलं आणि शेजारणीचं बी वाहिलं. म्हणून चार मोडल्या. मी निम्म्यांना डावी दिली, निम्म्यांना उजवी, ती याच्याचसाठी. न्हाईतर तू म्हणाला असतास, उजव्याच पायाचा जोर जास्त. ज्या मोडल्या न्हाईत त्यांना तू मजबूत म्हणतोस. अरे, त्या कामावरच न्हवत्या. घरात बी असंच बघतो आपण. जो आधी मोडतो त्याला कच्चा म्हणतो, आणि कोरा राहिलेला किती वाहत व्हता ते कुणी विचारत न्हाई."

हणमंतानं मोडलेली चप्पल हातात फिरवली. बोलणं पटत होतं, पण त्याच्या डोळ्यांपुढून मंडईचा उतार हलत नव्हता. "आबा, पटलं. तरी मोडली ती मोडलीच ना? भारी वजनानं मोडली म्हणून पडणाऱ्या बाईला कमी लागतं का? मावशी पुन्हा पडली तर मी काय सांगू तिला?"

"आत्ता विचारलंस शहाण्यासारखं," आबा म्हणाला. "चारी कुठं मोडल्यात बघ."

हणमंतानं चारही शेजारी-शेजारी ठेवल्या. चारही एकाच जागी मोडल्या होत्या, पट्टा सोलात शिरतो तिथं.

"पट्टा बोटभरच आत घेतलाय. दोन बोटं आत घ्यायला सांग आणि वरनं आडवी शिलाई मारायला सांग. काम संपलं. जी वस्तू वापरात मोडते ती कुठं कमी पडली ते दाखवून जाते. जिच्यावर बाईनं भारच टाकला न्हाई, तिची खोड कुठनं काढणार? आणि ऐकायला ते भाऊ तयार हायत का, हे बी बघून घे. न ऐकणाऱ्याचा माल सोन्याचा असला तरी घेऊ नये."

"मग मला आता एका घरच्या दोन मिळणार का न्हाई?" चांगुणा म्हणाली. "का जलमभर असंच फिरायचं?"

"पोत्यात उरलीय की तुझ्या नंबराची. भावांची दुसऱ्या पायाची घे," आबा म्हणाला. "पर हणमंता, आधी हिच्या मोडक्या चपलेचा पट्टा शिवून आण."

दुसऱ्या दिवशी हणमंत भावांच्या शेडवर गेला. एस.टी.त बसल्या बसल्या त्यानं सगळं बोलणं मनात जुळवून ठेवलं होतं. आधी चावण्याचं सांगायचं, मग भाराचं, मग पट्ट्याचं. ऐकतील का, हीच एक धाकधूक होती. पिशवीतून त्यानं चार मोडक्या चपला काढून ठेवल्या तशी धाकट्या भावाचा चेहरा उतरला.

"दादा, बदलून देतो. चारीच्या चारी नव्या देतो. बाजारात तेवढं बोलू नका."

थोरल्यानं हातातली आरी खाली ठेवून एक चप्पल उचलली. लोंबणाऱ्या पट्ट्याकडं बघितलंसुद्धा नाही. आत हात घातला, बोटांच्या खळग्यांवरून अंगठा फिरवला, चप्पल उलटी करून सोल उजेडाकडं धरला. मग दुसरी उचलली, तिसरी उचलली. चौथी हातात असताना त्यानं मान वर केली.

"या चौघीजणी दुसऱ्या पायानं लंगडत होत्या का हो?"

हणमंत तिथल्याच पोत्यावर बसला. जुळवून आणलेल्या बोलण्याची आता गरज राहिली नव्हती.

"पट्टा दोन बोटं आत घ्या," तो म्हणाला. "आणि माल दसऱ्याच्या आधी पाठवा."

थोरल्यानं मान हलवली आणि चांगुणाच्या चपलेचा पट्टा उसवायला घेतला.