न गळणारे पान

एका राज्यात एके सकाळी उंबर फोडला, तर आत किडा निघाला नाही.

फोडला येसूने. येसू ही राईचा राखणदार कोयाजी याची लेक, पाल चुकचुकली तरी दोन हात उडणारी. एरवी उंबरात किडा दिसला की ती दचकायची. त्या दिवशी दिसला नाही म्हणून दचकली. दुसरा फोडला, तिसरा फोडला. तिन्ही आतून धुतल्यासारखे स्वच्छ आणि तिन्ही कच्चे. गाव म्हणाले, बरेच झाले, आता न झटकता खाता येतील. पण किड्यावाचून उंबर पिकलाच नाही. आठ दिवसांत हिरवी फळे टपाटप गळून पडली.

झाले होते ते असे. त्या राज्याची एक रीत होती. झाडाचे काही घ्यायचे, फळ असो की फांदी, तर बुंध्याशी उभे राहून तीन हाका माराव्या, काय हवे ते सांगावे आणि थांबावे. झाडाने पान टाकले तर होकार. नाही टाकले तर रिकाम्या हाताने घरी. मात्र फाल्गुनात राजा सुवर्चसाच्या दुधाच्या वाटीत वाळके पान पडले आणि त्याला पानगळीचाच तिटकारा आला. तेव्हा धूम्राक्ष नावाचा मायावी दरबारी आला. त्याने राजमार्गाच्या दुतर्फा ओंजळभर बी फेकले. सांजेपर्यंत झाडे उभी राहिली, एका मापाची, एका रंगाची. त्यांचे पान गळत नव्हते, त्यांवर पाखरू बसत नव्हते, त्यांच्या वासाने किडामुंगी परागंदा झाली. राजा हरखला. म्हणाला, येत्या अमावास्येला जुनी राई तोडा, तिथेही हीच लावा.

कोयाजी एकटा पुढे झाला. "महाराज, ज्याचं पान पडत नाही त्याला होही म्हणता येत नाही आणि नाहीही. मग विचारायचं कुणाला?"

दुसऱ्या दिवसापासून कोयाजी दिसला नाही. त्याची घुंगुरकाठी तेवढी वाटेवर पडली होती. येसू ती उचलून रोज राईत जाई, हाका मारी. कुणी ओ देत नसे.

तर हिरवी फळे गळून पडली त्या सकाळी उंबराच्या शेंड्यावरून धनेश पक्षी बोलला. त्याची चोच नांगराच्या फाळाएवढी.

"माझी कारभारीण ढोलीत स्वतःला लिंपून घेऊन अंड्यांवर बसली आहे. फटीतून मी तिला उंबर भरवतो. उंबर पिकेना, तर ती आतल्या आत जाईल. मायावीची माया सरली तर तुझा बाप सुटेल आणि तीही वाचेल."

येसू म्हणाली, मी तर रोज हाक मारते.

"मारतेस आणि पळतेस. वरून सगळं दिसतं मला. झाडानं तोंड उघडावं तोवर तू वेशीत."

हे खरे होते.

मग धनेशाने सांगितले की मायावीने कोयाजीचे झाड केले आहे. कुठले, ते कुणाला ठाऊक नाही. काटेसावरीचा कापूस, करंजाचे तेल आणि पळसाची ज्योत यांचा दिवा लावला, तर त्या उजेडात झाड झालेल्या माणसाची सावली माणसाचीच पडते. पण तिन्ही वस्तू मागून घ्याव्या. ओरबाडून घेतल्या तर दिवा पेटत नाही. आणि मायावीच्या झाडांपैकी एकाने जरी आपखुशीने पान टाकले, तर त्याची सारी माया सरते.

येसू काटेसावरीपाशी गेली. तीन हाका मारल्या, कापूस मागितला. बोंड फुटल्याचा आवाज झाला नि ती दहा पावले पळाली. परत आली. पुन्हा हाका मारल्या, बुंध्याचे काटे मोजत राहिली. एकशे नव्वदाव्या काट्याला पान पडले.

करंजापाशी पायावरून हरणटोळ साप गेला, हिरव्या दोरीसारखा. येसूने डोळे मिटले, पाय हलवला नाही. पान तिच्या खांद्यावर पडले. तिने शेंगा फोडून, बिया ठेचून तेल काढले, पणतीत ओतले, कापसाची वात घातली.

पळसापाशी कुणी घाबरवलेच नाही. नुसती शांतता होती, आणि तीच तिला सर्वांत जड गेली. अखेर पान पडले, त्यामागून एक फूल पडले, पणतीला लागले आणि वात पेटली.

दिवा घेऊन ती अख्खी राई फिरली. ऐनाची सावली ऐनाची, हिरड्याची हिरड्याची, कुंभ्याची कुंभ्याची. दिवस कलला. फक्त राजमार्ग उरला. आपल्या बाबांना तिथे शोधावे, हे तिच्या मनातच आले नव्हते. सातव्या झाडापाशी उजेड थांबला. सावलीला मुंडासे होते, आणि मूठ अशी वळलेली, जणू काठी धरली आहे.

येसूने घुंगुरकाठी बुंध्याला टेकवली. एक हाक मारली. दुसरी मारली. तेवढ्यात अमावास्येच्या तोडीसाठी राई पाहायला निघालेला राजा आला, मागून धूम्राक्ष.

धूम्राक्ष हसून म्हणाला, "हात वर कर, पोरी. एक पान तोड, म्हणजे झालं तुझं काम."

पान हाताच्या अंतरावर होते. तेल तळाला गेले होते. 

"न विचारता नाही घेणार," ती म्हणाली, आणि तिसरी हाक मारली. "बाबा. तुम्ही हवे आहात. मी थांबते."

राजालाही, का कोण जाणे, थांबावेसे वाटले. धूम्राक्ष गरजला, त्याने जमीन हलवली. येसू दचकली, पण जागची हलली नाही. वात बारीक झाली, निळी झाली.

तेव्हा एक हिरवेगार पान देठापासून सुटले. गिरक्या घेत आले, राजाच्या मुकुटावर टेकले. राजाने ते झटकले नाही. वळून पाहतो तो धूम्राक्षाच्या जागी मूठभर धूर. राजमार्गाची झाडे एकामागून एक बियांएवढी होत मातीत मिटली. कुठून तरी एक इवलासा किडा आला, दिव्याभोवती फिरला आणि उंबराच्या वाटेने निघून गेला. दूर राईत धनेशाने पंख झाडले.

काठीचे घुंगूर वाजले. कुणीतरी ती धरली होती.

"ओ," कोयाजी म्हणाला. "ओ, पोरी."