स्वतःचेच सोंग

एकदा एक तरुण बहुरूपी आपल्या वृद्ध गुरूंसोबत एका बाजारपेठेच्या गावी उतरला. त्यांची रीत अशी, की सहा दिवस रोज नवे सोंग घेऊन गावभर हिंडायचे आणि सातव्या दिवशी आपल्या मूळ रूपात दारोदार जाऊन निरोप घ्यायचा. शिष्याने सहाही दिवस गावाला वेड लावले. तो फौजदार झाला तेव्हा तर एका व्यापाऱ्याने घाबरून भरदुपारी दुकान बंद केले.

पण सातव्या दिवसाची त्याला धास्ती वाटू लागली. आरशात पाहिले की स्वतःचा चेहरा कोरा दिसे. इतक्यांची रूपे अंगावर वागवली, त्यात आपले असे काही उरलेच नाही, तेव्हा ही विद्याच सोडून देतो, असे त्याने गुरूंना सांगितले.

गुरूंनी समजूत घातली नाही. उलट रंगाची पेटीच त्याच्यापुढे सरकवली.

"उद्या तू स्वतःचेच सोंग घे. गावात एकाने जरी ओळखले, तरी राहा. नाहीतर खुशाल जा."

हे भलतेच, असे शिष्याला वाटले. पण कुतूहलही वाटले. सकाळी त्याने होत्या तशाच भुवया पुन्हा रेखल्या, आपली चाल आठवली, हसणे आठवले आणि तो बाहेर पडला. पण प्रत्येक पावलाला मनात येई, आपण असेच चालतो का? बोलायला जावे, तर आवाज उसना वाटे. दुकानात बसलेल्या त्या व्यापाऱ्याने त्याला कौतुकाने न्याहाळले. "छान वठलंय. पण आज कोण झालायस?"

बिचारा शिष्य मान खाली घालून पुढे सरकला. दुपारपर्यंत तो पार हिरमुसला आणि सोंगबिंग विसरून वेशीकडे निघाला.

तिथे एक म्हातारी गवताचा भारा डोक्यावर घ्यायला धडपडत होती. त्याने धावत जाऊन भाऱ्याला हात दिला, दुसऱ्या हाताने तिचा कोपर सावरला. म्हातारी त्याच्याकडे बघतच राहिली.

"अगं बाई, तू होय! त्या दिवशी फौजदार होतास, काल जोगतीण. रोज तूच तर भारा चढवतोस माझा."

आनंद व्हायचा, तर शिष्याला शरमच वाटली. आपली सोंगे कच्चीच होती, फौजदार कधी गवताचा भारा उचलतो का, असे त्याने गुरूंजवळ कबूल केले.

गुरू मनापासून हसले. "सोंग कच्चे असते, तर व्यापाऱ्याने दुकान कशाला बंद केले असते? तू स्वतःला आरशात शोधत बसलास. चेहरा काय, मीसुद्धा तुला नवा लावून देईन. पण त्या म्हातारीकडे धावायला मी शिकवले नव्हते, आणि ते करताना तुझे स्वतःकडे लक्षही नव्हते. वेष कुणाचाही असो, धावलास तो तूच."

शिष्याने रंगाची पेटी आवरली. मग पुढच्या गावी पहिले सोंग कोणते घ्यावे, असे त्याने विचारले.

"कुठलेही घे," गुरू म्हणाले.