गच्ची चोपण्याचं गाणं

"पुन्हा का थांबलात, गेन-ला?"

गेन-ला म्हणजे गुरुजी. विदर्भातल्या या तिबेटी वस्तीत चोफेल गुरुजींनी आयुष्यभर मुलांना गाणी शिकवली. विचारणारी देचेन त्यांचीच विद्यार्थिनी. आता ती माहितीपट करते. एक परदेशात गाजला, तेव्हापासून तिच्या बोलण्यात जरा घाई आली आहे.

दोघं मठाच्या गच्चीवर होते. मध्ये कॅमेरा. गुरुजींच्या हातात खाली चपटा दगड बसवलेली काठी. तिबेटात गच्चीवर माती पसरतात आणि ओली आहे तोवर अशा काठ्यांनी चोपतात, गात गात. ते गाणं म्हणणारं वस्तीत आता दुसरं कुणी उरलं नव्हतं. आणि गुरुजींचा दमा वाढत चालला होता.

गुरुजींनी एक कडवं म्हटलं, ठेक्यात काठी आपटली. थांबले. समोर बघत राहिले...

मग पुढचं कडवं. पुन्हा थांबले.

"दम लागतो का?"

"नाही."

"आठवत नाही?"

"आठवतं."

"मग सलग म्हणा ना. नाहीतर असू द्या, मधली शांतता मी नंतर कापून टाकेन."

गुरुजी हसले.

"काप. पण ती जागा माझी नाही."

"मग कुणाची?"

"दोन रांगा असतात, पोरी. एक गाते, चोपते, थांबते. मग समोरची उत्तर देते. ही गच्ची आम्ही अशीच केली. तेव्हा कुठलं सिमेंट? पायाला चिखल, नुसता हशा... समोरच्या रांगेत तुझी आमा असायची. इतक्या मोठ्याने गायची की माझा ठेका चुकायचा."

देचेनच्या आईला जाऊन वर्ष झालं होतं. कपडे धुताना ती हेच गुणगुणायची, पण मध्ये मध्ये थांबून. का थांबते, हे देचेनने कधी विचारलं नव्हतं. तिला आईची फार आठवण आली.

"म्हणूनच तर टिकवायचंय, गेन-ला. उद्या तुम्ही..."

"तुझा कॅमेरा कुठल्या रांगेत उभा आहे?"

गुरुजींनी पुन्हा पहिलं कडवं म्हटलं. काठी आपटली. थांबले...

खालून कुणीतरी प्रार्थनाचक्र फिरवत गेलं. त्याची घंटी वाजली, विरली. गुरुजी अजून थांबलेच होते.

कठड्याला आणखी एक काठी टेकवून ठेवली होती. देचेनला ती आत्ता दिसली. कॅमेरा तसाच सोडून ती उठली, काठी घेतली आणि समोर जाऊन उभी राहिली. आईचे शब्द आले, आधी अडखळत, मग ठेक्यात.

गुरुजींनी काठी उचलली.

"उशीर केलास," ते म्हणाले. "माती वाळायला आली होती."