पाणी टोकाला पोचलं का?

फार फार जुनी गोष्ट, माणसांना घाई नव्हती तेव्हाची. एका गावात नदीचं पाणी पाटाने शेतोशेती जाई. कोणाला किती पाणी सोडायचं ते पाटकरी ठरवी आणि पाटकरी गाव निवडून देई. देवळात दोन उमेदवारांची दोन मडकी मांडत. प्रत्येक घराने आपल्या पसंतीच्या मडक्यात एक चिंचोका टाकायचा. मोजणी झाली की मडकी मातीने लिंपून ठेवत.

निवडीबद्दल तक्रार असेल तर मुदत ठरलेली होती. नव्या पाटकऱ्याने सोडलेलं पहिलं पाणी टोकाच्या शेतात पोचेपर्यंत तक्रार ऐकत. त्यानंतर नाही.

टोकाचं शेत एका विधवेचं होतं. गाव तिला टोकाची मावशी म्हणे.

त्या वर्षी एक बागाईतदार उभा राहिला. निवडीच्या आदल्या दिवशी तो घरोघर गुळाची ढेप आणि एकेक चिंचोका वाटत फिरला. "मावशी, हाच टाका हं माझ्या मडक्यात!" चिंचोका हलका भाजलेला होता. आपला गूळ खाऊन कोणी दुसऱ्याला मत दिलं तर मोजणीत कळावं, म्हणून ही शक्कल. देवाला नारळ वाहिला तरी अख्खा परत मागणारा माणूस तो!

मावशीच्या घरात गोड येऊन कित्येक दिवस झाले होते. तिने ढेप घेतली, चिंचोका टाकला आणि बागाईतदार पाटकरी झाला.

पाणी सुटलं ते त्याच्याच उसात शिरलं. पंधरवडा गेला. मावशीचं वर्षाचं पोट ज्या गव्हावर, तो पिवळा पडू लागला. "गूळ मीच खाल्ला, आता बोंब कुठल्या तोंडाने मारू?" असं म्हणत ती स्वतःवरच चिडे. शेवटी गव्हाने मान टाकली, तेव्हा तिने उरलासुरला गूळ पदरात बांधला आणि म्हाताऱ्या सरपंचांचं दार गाठलं.

गाव जमलं. मावशीने पदराची गाठ सोडली.

"आजोबा, मी लाच खाल्ली. हा घ्या उरलेला गूळ. ह्यांचं मडकं फोडा, भाजलेले चिंचोके निघतील."

पाटकरी हसला. "पंधरा दिवसांनी जाग आली होय? मुदत संपली, मावशी."

"संपली?" सरपंच म्हणाले. "म्हणजे पहिलं पाणी हिच्या शेतात पोचलं म्हणायचं."

पाटकऱ्याने हो म्हणावं, तर टोकाचं शेत भेगाळलेलं सगळ्या गावाने पाहिलेलं. नाही म्हणावं, तर मुदत शिल्लक!

मडकं फोडलं. सरपंचांनी चिंचोके तळहातावर चोळले, तशी भाजलेल्यांची टरफलं सुटून आली. निम्म्याहून जास्त तसलेच होते. निवड रद्द झाली आणि बागाईतदाराला पुन्हा उभं राहायला सहा वर्षं बंदी झाली.

मावशी खाली मान घालून आपल्या शिक्षेची वाट बघत होती.

"आपणहून कबूल करणाऱ्याला दंड नाही," सरपंच म्हणाले. "घरी जा, पोरी. गूळ तेवढा बैलांना घाल."

मावशीला रडू फुटलं. इतकं हलकं तिला कित्येक दिवसांत वाटलं नव्हतं.

फेरनिवड झाली. चौथ्या दिवशी पाणी खळखळत टोकाला आलं. मावशी बांधावर बसली, पाण्यात पाय सोडले आणि एकटीच म्हणाली, "आलं गं बाई, आलं!" गहू निम्मा वाचला आणि तेवढा तिला पुरला.

बोध: ज्या लबाडीने पद मिळतं, तीच लबाडी एक दिवस उलटून साक्ष देते.